न कापलेला बोकड

ओलिंपियाने टेलिफोनची तबकडी थोडी फिरवून तिच्या भोकात पेन्सिल अडकवली, चोरून ऐकणाऱ्याला काही कळू नये म्हणून रेडिओचा आवाज वाढवला आणि मगच भावाला विचारलं, "आता सांग. कापलं काय आणि ठेवलं काय?"

"जेवण झाल्यावर सांगतो," लिव्यू म्हणाला.

"जेवताना बाबा समोर असतील. ते पावाच्या रांगेत आहेत, आत्ताच सांग."

लिव्यूने बायकोकडे पाहिलं. स्मरांदा स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून उकडलेल्या पांढऱ्या घेवड्यात लसूण घोटत होती. तिने मान हलवली. नणंदेला आज सांगितलं काय आणि उद्या सांगितलं काय, ती ओरडायची तेवढीच ओरडणार होती.

"लिफ्ट ठेवली," लिव्यू म्हणाला. "ताट कापलं."

ओलिंपिया हळूच खुर्चीवर बसली. तिचा नवरा ग्रिगोरे खिडकीच्या फटींत वर्तमानपत्राच्या घड्या कोंबत होता, त्याचा हात थांबला.

"उलटं सांगतोयस तू."

"उलटं झालं म्हणून उलटं सांगतोय, भाऊजी."

चौघंही कोट घालूनच बसले होते. खोली गरम ठेवणाऱ्या रेडिएटरला हात लावून पाहायची सवय आता कुणालाच उरली नव्हती. संत स्पिरिदोनचा दिवस होता, म्हणजे त्याच नावाच्या बाबांचा नामदिन, आणि त्यांचा मुक्काम लेकीकडे असल्याने दरवर्षी जेवण इथंच व्हायचं. नाताळच्या आधीचा उपवास चालू होता. त्यामुळे टेबलावर मांस नाही, याचं कारण दुकानावर न ढकलता धर्मावर ढकलता येत होतं. वर्षातले हे काही आठवडे ओलिंपियाला त्यासाठीच बरे वाटायचे.

उलटं म्हणजे काय, हे या घरात कुणाला समजावून सांगावं लागत नव्हतं. स्टुडिओतला प्रत्येक दिग्दर्शक आपल्या चित्रपटात एक बोकड बांधून ठेवायचा. बोकड म्हणजे असा प्रसंग, जो पाहताच चित्रपट तपासणाऱ्या समितीच्या अंगाचा तिळपापड व्हावा. समितीला काहीतरी कापल्याशिवाय उठता येत नसे. न कापता उठली तर वरचे विचारणार, तुम्ही तिथं बसून केलंत काय. म्हणून तिला कापायला बोकड द्यायचा, ती तो कापते, समाधानाने सही करते, आणि ज्या प्रसंगासाठी सगळा खटाटोप केला तो मागच्या दाराने सुटतो.

लिव्यू हालुंगाच्या या चित्रपटात सुटायला हवं होतं ते ताट. एका इमारतीतल्या बिऱ्हाडांची ती विनोदी गोष्ट होती. तिच्या मध्यावर एक बाई रात्रीच्या जेवणाची ताटं मांडते, बसते, ताटांकडे पाहते, उठते, त्यातलं एक उचलून फडताळात परत ठेवते आणि पुन्हा येऊन बसते. संवाद नाही, संगीत नाही. स्मरांदाने तो प्रसंग जोडायला जितका वेळ घेतला होता तितक्या वेळात तिने इतरांचे अर्धे चित्रपट संकलित केले होते. बाई बसल्यावर कट कुठं मारायचा, हे तिने पुन्हा पुन्हा बदलून पाहिलं होतं. थोडं आधी कापलं तर बाई दुःखी वाटायची, थोडं उशिरा कापलं तर दमलेली. दोन्हींच्या मधली जागा सापडली तेव्हा ती एकटीच कटिंग टेबलापाशी बसून राहिली होती. पंधरा वर्षांच्या कामात आपल्या हातून याहून चांगलं काही झालेलं नाही, हे तिला कुणी सांगायची गरज नव्हती.

आणि लिफ्ट हा बोकड. वीज जाते, चौथ्या मजल्यावरचा म्हातारा लिफ्टमध्ये दोन मजल्यांच्या मध्ये अडकतो. शेजारी वरच्या फटीतून त्याला दोरीने सूपचं भांडं सोडतात, आणि तो आतून बोलत राहतो. रेडिएटरबद्दल, सॉसेजमध्ये काय असतं त्याबद्दल, एका खोलीला एकच दिवा या हुकमाबद्दल. चारचौघांत बोलता येत नाही ते सगळं लिव्यूने एका बैठकीत त्यात कोंबलं होतं. अडचण एवढीच आली की स्टुडिओतला कुठलाही नट ते करायला तयार होईना. वाचल्यावर बोकड ओळखू येतो, आणि कापल्या जाणाऱ्या प्रसंगात थंडीवाऱ्यात कोण उभं राहणार? शेवटी लिव्यूने वडिलांना उभं केलं.

बाबा निवृत्त प्रॉम्प्टर. बोतोशानिच्या नाटकगृहात रंगमंचाच्या तोंडाशी जमिनीत जो खोका असतो, त्यात बसून त्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांना वाक्यं पुरवली होती. उजेडात ते कधी उभेच राहिले नव्हते. प्रसंग कापण्यासाठीच आहे हे त्यांना कुणी सांगितलं नाही. सांगितलं असतं तर त्यांनी तो इतका चांगला केला नसता, असं लिव्यू म्हणायचा. स्मरांदाला ते कारण तेव्हाही पटलं नव्हतं, पण ती बोलली नव्हती.

"समिती आंधळी झाली की काय?" ओलिंपियाने विचारलं.

"हसली. सगळी समिती हसली. मिरोनेस्कु तर रुमालाने डोळे पुसत होता." मिरोनेस्कु म्हणजे समितीचा अध्यक्ष. "त्याच्या इमारतीतली लिफ्ट त्याच आठवड्यात अडकली होती म्हणे. दिवे लागल्यावर म्हणतो, लिफ्ट दुरुस्तीवाल्यांना बरोबर झापलंय कॉम्रेड, खालच्या पातळीवरचा हलगर्जीपणा दाखवायलाच हवा, वरून तसं सांगितलेलंच आहे."

"आणि सॉसेज?"

"तेही लिफ्ट दुरुस्तीवाल्यांच्या खात्यात गेलं."

ग्रिगोरे खुदकन हसला आणि बायकोचा चेहरा पाहून पुन्हा खिडकीकडे वळला.

"ताटाला मात्र त्यांच्यातली ती चष्मेवाली बाई अडली. विचारते, ही गृहिणी गप्प का आहे? मी म्हटलं, जेवायला बसलीये. म्हणते, ते दिसतंय, पण ती विचार कसला करतेय? मी म्हटलं, कसलाच नाही. म्हणते, मग इतका वेळ का दाखवताय?" लिव्यूने सिगारेट काढली आणि न पेटवता टेबलावर ठेवली. "याच्यावर मला उत्तर सुचलं नाही."

स्मरांदा तेव्हा मागच्या रांगेत बसली होती. उत्तर होतं, पण ते असं होतं की दिलं असतं तर नुसतं ताटच नाही, सगळा चित्रपट गेला असता. हालुंगांचा धाकटा सांदू ओबो वाजवायचा. त्याचा वाद्यवृंद पश्चिम जर्मनीत कोलोनच्या दौऱ्यावर गेला, परत आला, सांदू आला नाही. तेव्हापासून हे घर 'परदेशी राहिलेल्याचं घर' झालं होतं. ओलिंपियाची मुख्याध्यापिकेची जागा गेली आणि ती साधी शिक्षिका झाली. ग्रिगोरेच्या लिबियात बांधकामावर जाण्याच्या अर्जाचा प्रवास एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर चालू होता. सांदूची आई मरेपर्यंत जेवायच्या वेळी एक ताट जास्त काढायची आणि परत ठेवायची. सांदूचं नाव या टेबलावर कुणी घेत नसे. घ्यायचंच झालं तर 'तो' म्हणत.

"पण मिरोनेस्कु बाहेर भेटला," लिव्यू म्हणाला. "कोट चढवता चढवता म्हणाला, तुझ्या त्या ताटावर तुझा फार जीव दिसतोय. ठेव हवं तर. मी बाईंना सांगतो, गृहिणी मोजायला चुकली. पण मग लिफ्ट काढ. एका चित्रपटात दोन वादाच्या जागा ठेवून मला सही करता येणार नाही. सोमवारी सांग."

"उद्या सोमवार."

"हो."

"मग यात विचार करण्यासारखं काय आहे?" ओलिंपिया म्हणाली. "लिफ्ट काढ. मी तर म्हणते देवाने वाट दाखवली. त्या समितीला माहीत नाही तो म्हातारा कोण ते. उद्या चित्रपट लागेल, पडद्यावर नाव येईल, स्पिरिदोन हालुंगा. हालुंगा किती आहेत बुखारेस्टमध्ये? दुसऱ्या दिवशी कुणीतरी जोडेल, परदेशी राहिलेल्याचा बाप पडद्यावर थंडीची तक्रार करतोय. ग्रिगोरेचा अर्ज मग लिबियाला नाही, सरळ केराच्या टोपलीत."

"माझं तेच म्हणणं आहे," लिव्यू म्हणाला.

स्मरांदाने घेवड्याचं भांडं टेबलावर ठेवलं. ही बहीण आणि हा भाऊ एकमेकांशी सहमत झालेले तिने लग्नानंतर पहिल्यांदाच पाहिले. आईच्या औषधांवरून, आईच्या दफनावरून, बाबांनी कुणाकडे राहायचं यावरून, कशावरूनच त्यांचं कधी जमलं नव्हतं. आज जमलं होतं आणि दोघंही त्यामुळे जरा सैलावले होते. तिला स्वतःलाही हायसं वाटायला हवं होतं. ताट वाचत होतं. तिचा तो कट वाचत होता.

"बाबांना कोण सांगणार?" तिने विचारलं.

"तू," दोघं एकदमच म्हणाले.

"मी का?"

"तुझं ऐकतात ते," ओलिंपिया म्हणाली. "आमचं ऐकतात कुठं?"

"हे बघा," ग्रिगोरे मध्येच म्हणाला. तो फारसा बोलत नसे. या घरात बोलणारी माणसं आधीच पुष्कळ आहेत, असं त्याचं म्हणणं होतं. "काय कापायचं ते कापा. पण लिबियासाठी कापलं, असं मला नको. मला जायचंय, नाही असं नाही. पण म्हाताऱ्याला कळलं की जावयापायी आपला प्रसंग गेला, तर मी रोज त्यांच्यासमोर कॉफी पीत कसा बसू?"

"कॉफी आहे कुठं घरात?" ओलिंपिया म्हणाली.

"चिकोरीचं पाणी पीत कसा बसू, म्हण हवं तर."

दाराशी किल्ली वाजली. ओलिंपियाने रेडिओ कमी केला.

स्पिरिदोन हालुंगा दोन पाव काखेत धरून आत आले, गाल थंडीने लाल. त्यांनी टोपी काढली तर खाली केस व्यवस्थित विंचरलेले. "पावाच्या रांगेत न्हावी भेटला," ते म्हणाले. "त्याला पण सांगून टाकलं. म्हणाला, चित्रपट लागायच्या आदल्या दिवशी या, फुकट करतो. केस उरलेत किती, फुकट करायला त्याचं काय जातंय."

"आणखी कुणाकुणाला सांगितलंत?" ओलिंपियाने विचारलं.

"फार नाही. वृद्ध कलावंतांच्या निवासातल्यांना. तिथं माझे तिघे-चौघे नट आहेत अजून. माझे म्हणजे, ज्यांची वाक्यं मी पाठ करायचो. ते म्हणतात, आम्ही येतो, पण स्पिरिदोन, तू अडखळलास तर आम्ही काय करायचं? मी म्हटलं, तुम्ही पहिल्या रांगेत बसून कुजबुजा."

ग्रिगोरेने त्सुइकाची, म्हणजे आलुबुखारच्या दारूची, बाटली उघडून छोटे पेले भरले. सगळ्यांनी उभं राहून 'शंभर वर्षं जगा' म्हटलं, बाबांनी प्रत्येकाच्या दोन्ही गालांचे मुके घेतले आणि जेवण सुरू झालं. घेवडा, कांद्याची फोडणी, कोबीच्या पानात गुंडाळलेला भात, लोणच्याच्या मिरच्या. स्मरांदा पाव मोडत होती आणि वाक्य जुळवत होती. वाक्य जुळत नव्हतं.

"एक विचारायचं राहिलं," बाबा म्हणाले. "नावं सुरुवातीला येतात ना? मग माझं नाव मोठ्या नटांनंतर लगेच येणार, की खाली त्या वीजवाल्या-सुतारांबरोबर? कुठंही चालेल. पण मित्रांना सांगायला हवं कुठं बघायचं ते. त्यांची नजर आता मंद झालीये."

लिव्यू ताटात पाहत राहिला. ओलिंपियाने टेबलाखालून स्मरांदाला पाय लावला.

"बाबा," स्मरांदा म्हणाली, "लिफ्टचा प्रसंग चित्रपटात राहणारच नव्हता. तो समितीने कापावा म्हणूनच घेतला होता."

आणि मग तिने सगळं सांगितलं. बोकड, ताट, समितीचं हसणं, मिरोनेस्कुची अट. शब्द नरम केले नाहीत आणि लिव्यूची बाजूही घेतली नाही. सांगताना तिला जाणवलं की गोष्ट एकदम छोटी आहे. एवढीशी गोष्ट न सांगता आपण इतके दिवस कसे राहिलो, याचंच तिला नवल वाटलं.

बाबांनी चमचा खाली ठेवला. "तुम्हा तिघांना माहीत होतं."

"मलाही," ग्रिगोरे म्हणाला.

"म्हणजे चौघांना." बाबांनी एकेकाकडे पाहिलं. "नट वाक्य विसरला की त्याचं तोंड कसं होतं, हे खोक्यात बसून मी जितकं जवळून पाहिलंय तितकं कुणी पाहिलं नसेल. आज एकाच टेबलावर चार दिसतायत."

"बाबा, मी तुम्हाला सांगणार होतो," लिव्यू म्हणाला.

"केव्हा?"

लिव्यूने न पेटवलेली सिगारेट टेबलावरून उचलून खिशात घातली.

"मी न्हाव्याला सांगून बसलोय," बाबा म्हणाले. त्यांचा आवाज नेहमीसारखाच होता, पण त्यांनी रुमाल काढून ओठ पुसले, त्याची घडी घातली, पुन्हा तो उलगडला. "थंडीत तीन दिवस त्या पिंजऱ्यात उभं केलंस मला. मी म्हटलं, पोरगा मेहनत घेतोय, आपणही घ्यावी. तुला सांगतो लिव्यू, मी ते बोकडासारखं केलं नाही."

"म्हणूनच तर कापलं नाही त्यांनी."

"म्हणजे मी कामात कमी पडलो."

ग्रिगोरेने हसू दाबायला पेला तोंडाला लावला. बाबांनी ते पाहिलं, आणि त्यांच्याही ओठांचा एक कोपरा किंचित हलला.

"मिरोनेस्कु हसला म्हणता?" त्यांनी स्मरांदाला विचारलं.

"डोळ्यांत पाणी येईपर्यंत."

"कुठं?"

"सॉसेजला."

"सॉसेजला कुणीही हसेल. रेडिएटरला?"

"रेडिएटरला त्या चष्मेवाल्या बाई हसल्या."

"रेडिएटर अवघड आहे," बाबा म्हणाले आणि त्यांनी चमचा पुन्हा उचलला.

लिव्यूला वाटलं असावं, की वादळ गेलं. तो खुर्ची पुढे ओढून बोलायला लागला, आणि बोलताना तो चांगला बोलत होता, हे स्मरांदाला नाकारता येईना. ताटाचा प्रसंग चित्रपटाचं काळीज आहे, तो नसेल तर उरतात नुसते विनोद. विनोद उद्या विसरले जातील. आई जे करायची ते कुणीतरी एकदा पडद्यावर दाखवायला हवं, न बोलता. "ते आईसाठी आहे, बाबा. आणि त्याच्यासाठी."

"कुणासाठी?"

"तुम्हाला माहीत आहे कुणासाठी."

"नाव घे ना. पेन्सिल अडकवलीये तुझ्या बहिणीने."

"सांदूसाठी," लिव्यू म्हणाला.

ओलिंपियाने तरीही टेलिफोनकडे पाहिलं.

"तुझी आई काय करायची ते मला सांगू नकोस," बाबा म्हणाले. "मी समोर बसायचो. ती ताट ठेवून आली की मी तिला म्हणायचो, मीठ दे. दुसरं काय म्हणणार?" त्यांनी पावाचा तुकडा घेवड्यात बुडवला, पण खाल्ला नाही. "बरं, समजा तुझा चित्रपट तिकडे गेला. विनोदी चित्रपट विकतात ना बाहेर, परकीय चलनासाठी? तूच म्हणालास."

"विकतात. जर्मनीला नेहमी पाठवतात. पण जाईलच असं नाही."

"समजा गेला. सांदू थेटरात बसला. त्याने ताट पाहिलं. त्याला काय कळेल? आपण त्याची आठवण काढतो, एवढंच. ते त्याला माहीत आहे रे. इतका मूर्ख नाही तो. त्याला माहीत नाही ते हे, की मी आता दिसतो कसा. फोटो पाठवले ते पोचले नाहीत. त्याच्या डोक्यात मी स्टेशनवर हात हलवणारा आहे, केसवाला. तो तिथं बसून विचार करत असेल, म्हातारा वाकला असेल, दात गेले असतील, चमचा धरवत असेल की नाही कुणास ठाऊक. मी तसाच विचार करतो त्याच्याबद्दल. जाडा झाला की वाळला, मला ठाऊक नाही. माझ्यासमोर कुणी ताट ठेवलं काय आणि उचललं काय, मला सारखंच. त्याचं तोंड दिसणार असेल तर मी बोकड म्हणून उभा केलेला प्रसंगही बघायला जाईन."

रेडिओवर पोलादाच्या उत्पादनाबद्दल चाललं होतं.

"आणि इथं बघणारे?" ओलिंपियाने विचारलं. तिचा आवाज खाली आला होता. "बाबा, तो तिथं सुखरूप आहे. आम्ही इथं आहोत. त्याच्यापायी मी खूप दिलंय. आणखी द्यायला सांगू नका."

"माझं नाव घालू नका," बाबा म्हणाले.

"काय?"

"पडद्यावर माझं नाव नको. दुसरं काहीतरी लिहा, नाही तर काहीच लिहू नका. नुसता म्हातारा. मिरोनेस्कुला माहीत नाही, तर बाकीच्यांना कोण सांगणार? न्हाव्याला मी सांगतो, कापला गेलो म्हणून. ते पटायला सोपं आहे. नाटकगृहाच्या जाहिरातीवर माझं नाव जन्मात कधी आलं नाही आणि नाटकं तरी झालीच."

"आणि ते कलावंत निवासातले?"

"त्यांनी उभं आयुष्य याच राज्यात काढलंय. कुणाला ओळखायचं नाही ते त्यांना शिकवावं लागत नाही."

ओलिंपिया नवऱ्याकडे वळली. "तू बोल काहीतरी."

"बोललो मघाशी," ग्रिगोरे म्हणाला. "बाबा, माझ्या अर्जाचा विचार करू नका. तो तसाही सरकत नाहीये. त्याला कारण लागत नाही." मग त्याने बायकोच्या हातावर हात ठेवला. ओलिंपियाने तो झटकला नाही, पण हललीही नाही. मघाची भावाबहिणीची युती मोडली होती, हे तिच्या लक्षात आलेलं स्मरांदाला दिसलं. कारण तिने लिव्यूकडे पाहिलं तेव्हा तो तिच्याकडे पाहत नव्हता.

"तो माझा चित्रपट आहे," लिव्यू टेबलाला उद्देशून म्हणाला.

"आहेच," बाबा म्हणाले. "म्हणून ठरव तूच. मी फक्त वाक्य पुरवलं. घ्यायचं की नाही ते नटाने बघायचं. मी खोक्यातून वर चढून कधी कुणाच्या तोंडात वाक्य घातलं नाही." आणि ते पुन्हा जेवू लागले.

ट्राममध्ये लिव्यू आणि स्मरांदा उभेच होते. खिडक्यांवर आतून बर्फ धरला होता. लिव्यू म्हणाला, "तू काय करशील?"

"मी संकलक आहे. तू सांगशील ते कापीन."

"तसं उत्तर नको."

"मग बाबांना ठेवीन."

"ताट हे तुझं सगळ्यांत चांगलं काम आहे."

"माहीत आहे मला."

तो तिच्याकडे बघत राहिला, जणू ती आणखी काही बोलेल. ती मनातल्या मनात त्या बाईला पुन्हा एकदा खुर्चीत बसवून पाहत होती, तो कट बरोबर होता की नाही ते तपासत. बरोबर होता.

सोमवारी सकाळी लिव्यू स्टुडिओच्या कार्यालयातून मिरोनेस्कुला फोन करून, सही पक्की करून आला. संकलनाच्या खोलीत त्याने कोट काढला नाही, दाराला पाठ लावून उभा राहिला.

"काढ," तो म्हणाला. "ताट."

स्मरांदाने पांढरे हातमोजे घातले. रीळ चढवून ती त्या जागेपर्यंत आली, मेणाच्या पेन्सिलीने दोन्ही टोकांना खूण केली आणि पातं दाबलं. पट्टी तिच्या हातावर आली तेव्हा ती हलकी वाटली. तिने ती गुंडाळून बाजूच्या डब्यात ठेवली आणि उरलेली टोकं जोडली. आता बाई ताटं मांडते आणि लगेच दुसऱ्या मजल्यावरचं भांडण सुरू होतं. चालत होतं. प्रेक्षकाला काही कमी वाटलं नसतं, आणि तेच सगळ्यात वाईट होतं.

"पुढचं बघू," लिव्यू म्हणाला.

तिने लिफ्टचा प्रसंग लावला. बाबा छोट्या पडद्यावर बोलायला लागले. स्मरांदाने तो बोकड म्हणून जोडला होता, म्हणजे भराभर, दुरून, फार जीव न लावता. समितीने फक्त शब्द ऐकले होते. आज ती चेहरा शोधत होती आणि चेहरा फारसा नव्हताच. पिंजऱ्याच्या गजांमागे एक टोपी.

ती उठली आणि न वापरलेल्या टेकचे डबे खाली काढू लागली. त्यांत एक होता, कॅमेरा गजांच्या अगदी जवळचा. बोलणं संपलेलं, सूपचं भांडं खाली आलेलं, बाबा खात आहेत. छायालेखकाने कॅमेरा वेळेवर बंद केला नव्हता. म्हणून तेव्हा तिने तो फेकण्याच्या ढिगात टाकला होता. आता तिने तो सूपच्या जागी लावला. उजेड पूर्ण चेहऱ्यावर होता. विरळ भुवया, गालावरचा तीळ, वरच्या जबड्यातली दातांची रांग, चमचा धरणारा हात, न थरथरणारा. बाबा खात होते आणि मधूनच सरळ कॅमेऱ्यात बघत होते, जे नटाने कधीच करू नये.

लिव्यू दारापासून निघून तिच्या मागे येऊन उभा राहिला.

"सही झालेली आहे," स्मरांदा म्हणाली. "नवं वाक्य एकही नाही. पुन्हा दाखवायला लागणार नाही."

"हो."

"कुठं कापू?"

तो पडद्याकडे पाहत होता. म्हाताऱ्याने पाव मोडला, भांडं पुसून घेतलं, चावत राहिला. एक शब्द नाही. मागे संगीतही नाही.

"याला कुणी विचारणार नाही, गप्प का आहेस म्हणून," लिव्यू म्हणाला. "तोंडात घास आहे."

"कुठं कापू, लिव्यू?"

"त्यांचं सूप संपू दे," तो म्हणाला.